रास्पबेरी पायवर व्हिडिओ रेकॉर्डिंग: बटण दाबण्याआधीची तयारी

रास्पबेरी पाय या छोट्या संगणकाला कॅमेरा लावताना सुरुवात केबलपासून करा. पाय ४ या मॉडेलला १५ पिनांची रुंद रिबन (चपटी केबल) लागते, पाय ५ आणि झीरो २ डब्ल्यू या मॉडेलना २२ पिनांची अरुंद. रास्पबेरी पायच्या कॅमेरा मॉड्यूल ३ चं सॉकेट १५ पिनांचंच असतं, त्यामुळे पाय ५ साठी एका टोकाला रुंद आणि दुसऱ्या टोकाला अरुंद अशी वेगळी केबल हाताशी हवी. जोडताना बोर्डाची वीज बंद. क्लिप दोन्ही कडांनी सारखी उचला, केबल तिरकी न करता तळापर्यंत सरकवा. चकाकणारे पट्टे क्लिपकडे नकोत, सॉकेटमधल्या पिनांकडे हवेत. मग आरपीआयकॅम-हॅलो ही आज्ञा लिस्ट-कॅमेराज या पर्यायासह चालवा. कॅमेरा दिसला नाही, तर सिस्टिम पुन्हा टाकण्याच्या भानगडीत पडू नका, आधी केबल काढून परत बसवा. जुन्या लेखांतली रेकॉर्डिंगची रास्पिव्हिड आज्ञा रास्पबेरी पाय ओएसच्या बुकवर्म आवृत्तीवर चालत नाही, तिची जागा आता आरपीआयकॅम-व्हिडने घेतली आहे.

वीजपुरवठा पाय ४ ला ५ व्होल्ट ३ अँपिअर, पाय ५ ला ५ व्होल्ट ५ अँपिअर. कुठलाही पडलेला फोन चार्जर लावला की बोर्ड सुरू होतो, म्हणून फसायला होतं. एन्कोडिंगचा, म्हणजे व्हिडिओ दाबून लहान करण्याचा, भार आला की व्होल्टेज पडतं. पाय ५ मध्ये एच.२६४ या व्हिडिओ स्वरूपासाठी हार्डवेअर एन्कोडर नाही, सगळं प्रोसेसर करतो, तेव्हा त्यावर पंखा लावाच. ८० अंश सेल्सिअसच्या आसपास प्रोसेसर स्वतःचा वेग कमी करू लागतो आणि फ्रेम गळतात. दहा मिनिटं रेकॉर्डिंग करून व्हीसीजेनसीएमडी गेट_थ्रॉटल्ड या आज्ञेने बोर्डाची स्थिती विचारा: ०एक्स० आलं तर ठीक, ०एक्स५०००० म्हणजे मधे कधीतरी वीज कमी पडली आणि वेगही घटला.

जागेचा हिशेब सोपा आहे. सेकंदाला १० मेगाबिट बिटरेट धरला तर मिनिटाला ७५ मेगाबाइट, तासाला साडेचार गिगाबाइट. पेनड्राइव्ह एफएटी३२ या जुन्या पद्धतीने फॉरमॅट केलेला असेल तर एका फाइलची मर्यादा ४ गिगाबाइट, म्हणजे तासभराचं रेकॉर्डिंग शेवटच्या काही मिनिटांत अडकणार. ड्राइव्ह एक्सफॅट किंवा ईएक्सटी४ करून घ्या, आणि तरीही आरपीआयकॅम-व्हिडच्या सेगमेंट पर्यायाने तुकडे पाडा. तो मिलिसेकंदांत असतो. दहा मिनिटांसाठी ६०००००. सोबत इनलाइन पर्याय द्या, नाहीतर पहिला सोडून बाकीचे तुकडे स्वतंत्रपणे उघडणार नाहीत. अखंड फाइलच हवी असेल तर एमकेव्ही निवडा. साध्या एमपी४ ची अनुक्रमणिका रेकॉर्डिंग संपताना लिहिली जाते, मधेच वीज गेली की अख्खी फाइल वाया.

टाइमआउट शून्य द्यायला विसरू नका. न दिल्यास रेकॉर्डिंग ५ सेकंदांत आटोपतं.

पाय ४ ला स्वतःचं घड्याळ नाही, पाय ५ ला आहे पण त्याची बॅटरी वेगळी घ्यावी लागते. इंटरनेट नसलेल्या जागी वेळ चुकते, आणि फाइलनाव वेळेवरून ठरत असेल तर जुनी फाइल पुसली जाऊ शकते. आरटीसी (बॅटरीवर चालणारं घड्याळ) मॉड्यूल लावा किंवा नावात क्रमांक ठेवा.

शेवटी फोकस आणि शटर. मॉड्यूल ३ चा ऑटोफोकस माणूस पुढून गेला की शोधाशोध करतो. कॅमेरा स्थिर असेल तर मॅन्युअल करा. लेन्स-पोझिशन म्हणजे १ भागिले मीटरमधलं अंतर: अर्ध्या मीटरला २, दूरच्या दृश्याला ०. दिव्यांमुळे चित्रात पट्टे सरकत असतील, तर ५० हर्ट्झच्या विजेवर शटर १०००० किंवा २०००० मायक्रोसेकंद ठेवा.