प्रजनन केंद्रात काम करू इच्छिणाऱ्यांसाठी

माळढोक, तणमोर यांसारख्या माळरानावरच्या दुर्मिळ पक्ष्यांच्या किंवा काळविटांच्या प्रजनन केंद्रात काम करायचे आहे, असे सांगणारे विद्यार्थी धुळे, जळगाव, नंदुरबारकडून मला अधूनमधून भेटतात. प्राण्यांची आवड ही त्यांची मुख्य पात्रता असते. माझ्या मते ती पुरेशी नाही. सुरुवातीला वाट्याला येतात ते वजनकाटा, नोंदवही आणि साफसफाई.

अंड्यांचेच पाहा. माळढोकची मादी एका वेळी सहसा एकच अंडे घालते, त्यामुळे जैसलमेरजवळ सम येथे 2019 साली सुरू झालेल्या केंद्रात रानातून गोळा केलेली अंडी यंत्रात उबवून पक्ष्यांची पहिली पिढी उभी करण्यात आली. उबवणीच्या काळात पाण्याची वाफ होऊन अंड्याचे वजन साधारण 15 टक्क्यांनी घटावे लागते. ते कमी घटत असेल तर यंत्रातील आर्द्रता उतरवायची आणि जास्त घटत असेल तर चढवायची. त्यासाठी अंडे ठरलेल्या वेळी तोलायचे, अंधारात दिव्यावर धरून आतल्या शिरा पाहायच्या, हवेच्या पोकळीची कड कवचावर पेन्सिलीने हलकेच आखायची आणि आकडा तिथल्या तिथे लिहायचा. संध्याकाळी आठवून लिहिलेला आकडा न लिहिल्यापेक्षा वाईट.

काळवीट आणि चिंकारा यांची शिस्त वेगळी आहे. घाबरून जिवाच्या आकांताने पळालेल्या जनावराचे स्नायू आतून निकामी होतात आणि वरवर धडधाकट दिसणारे जनावर काही तासांनी, कधी काही दिवसांनी दगावते. म्हणून कुंपणाला आडोसा लावतात, चारा रोज त्याच वाटेने नेतात आणि पाहुण्यांना शक्यतो आत सोडत नाहीत. गवतात एकटे निपचित बसलेले पाडस नवख्याला सोडून दिलेले वाटते; वास्तविक आई ते मुद्दाम लपवून चरायला गेलेली असते आणि दूध पाजायला परतते, म्हणून त्याला उचलू नये.

खानदेशातल्या शेतकरी घरातील मुलांना येथे एक फायदा आहे आणि एक धोकाही. कोवळी ज्वारी खाल्ल्याने विषबाधा होते, बुरशी धरलेला कडबा टाकायचा नसतो, हे त्यांना कोणी शिकवावे लागत नाही. मात्र घरच्या गोठ्यातून चपलांबरोबर लाळ्या-खुरकूत हा संसर्गजन्य रोग हरणांच्या कळपात शिरू शकतो. सुट्टीवरून परतताना कपडे व पादत्राणे बदलण्याचा नियम कंटाळवाणा वाटला तरी पाळावा.

शिक्षणाचे म्हणाल तर पशुवैद्यकाची पदवी सर्वांत उपयोगी, त्याखालोखाल प्राणिशास्त्र. मुलाखतीत बहुधा विचारले जाते की, ज्या कारणाने प्राणी घटले त्याचे काय केले? गिधाडांच्या बाबतीत जनावरांना टोचले जाणारे आणि मेलेल्या जनावराच्या मांसातून गिधाडांच्या पोटात जाणारे डायक्लोफेनॅक हे वेदनाशामक औषध कारण ठरले आणि 2006 साली त्याच्या पशुवैद्यकीय वापरावर बंदी आली. माळढोकांच्या बाबतीत, ज्यांना उडताना धडकून ते मरतात, त्या विजेच्या तारा अजून आडव्या आहेत. याचे उत्तर तयार ठेवा.

निरीक्षणाच्या सरावासाठी मात्र लांब जायला नको. 1884 नंतर हरवलेला मानला गेलेला रानपिंगळा हा घुबडाच्या कुळातला पक्षी 1997 साली शहाद्याजवळ सातपुड्याच्या पायथ्याच्या जंगलातच पुन्हा दिसला होता. गावाजवळच्या माळावर एकाच पक्ष्याची हंगामभर नोंद ठेवलीत, तर ती वही अर्जासोबत जोडा, आणि नेमणूक कंत्राटी आहे का, रात्रपाळी किती व राहण्याची सोय कोणाची, हे होकार देण्यापूर्वी लेखी विचारून घ्या.