एका प्लेयरवरून दुसऱ्या प्लेयरवर गेम आणि सेव्ह नेताना या चुका टाळा

चवथीच्या सुट्टीत गोव्यातील घरांत पाहुण्यांबरोबर जुनी यंत्रेही हात बदलतात. बोटीवर नोकरीला असलेला काका नवा प्लेयर, म्हणजे गाणी ऐकायचे आणि गेम खेळायचे हातातले यंत्र, घेऊन येतो, त्याचा जुना पुतण्याकडे जातो, पुतण्याचा त्याहून जुना शेजारच्या मुलाकडे सरकतो. आणि गणपतीवर टांगलेली फळांची माटोळी उतरण्याआधीच कोणीतरी विचारतो की, माझा अर्धवट राहिलेला गेम यात आणता येईल का. बहुतेक वेळा आणता येतो. मात्र हा प्रश्न विचारला जाईपर्यंत घाईत एखादे चुकीचे बटण दाबले गेलेले असते आणि आणण्यासारखे काही शिल्लक राहिलेले नसते.

मी स्वतः एकदा गेमचा फोल्डर संगणकावर नीट उतरवून घेतला, समाधानाने मेमरी कार्ड फॉरमॅट केले, म्हणजे पूर्ण पुसले, आणि मग लक्षात आले की सेव्ह, म्हणजे खेळ कुठवर आला याची नोंद, दुसऱ्याच फोल्डरमध्ये होता. भाच्याची पावसाळ्याच्या अख्ख्या सुट्टीची मेहनत त्या एका क्लिकमध्ये गेली, आणि त्याने आठ दिवस माझ्याशी बोलणे टाकले. पुढील मजकूर त्या आठ दिवसांतून निघाला आहे, असे म्हटले तरी चालेल.

गेम आणि सेव्ह एकच समजणे

ही मूळ चूक आहे, आणि बाकीच्या बऱ्याच चुका हिच्याच पोटातून निघतात. गेम हा कार्यक्रम आहे. तो डिस्कवर असतो, कार्डावर असतो किंवा ऑनलाइन दुकानाच्या खात्यातून पुन्हा उतरवता येतो. सेव्ह ही तुमची नोंद आहे. ती जगात फक्त तुमच्या प्लेयरवर असते आणि पुन्हा कुठूनही उतरवता येत नाही. आपण मात्र उलटे वागतो: कित्येक मेगाबाइटचा गेम जपून हलवतो आणि काही किलोबाइटचा सेव्ह विसरतो.

सोनीच्या पीएसपी या हातात धरून खेळायच्या यंत्रात हा भेद स्पष्ट दिसतो. त्याच्या मेमरी स्टिकवर, म्हणजे कार्डावर, 'पीएसपी' नावाचा फोल्डर असतो. त्यात 'गेम' या उपफोल्डरमध्ये उतरवलेले गेम राहतात आणि 'सेव्हडेटा' या उपफोल्डरमध्ये प्रत्येक गेमच्या सेव्हचा स्वतंत्र फोल्डर असतो. यूएमडी या पीएसपीच्या छोट्या डिस्कवरून गेम खेळला तरी सेव्ह स्टिकवरच लिहिला जातो, कारण डिस्कवर काही लिहिता येत नाही. २००९ साली आलेल्या पीएसपी गो या प्रकारात डिस्कची जागाच नाही. त्यामुळे जुन्या पीएसपीवरील डिस्कचा गेम त्यात कोणत्याही अधिकृत मार्गाने जात नाही, सेव्ह मात्र संगणकामार्फत सहज जातो. गेम तेवढा खात्यातून आधी घेतलेला असावा लागतो. शिवाय गो मध्ये मेमरी स्टिक मायक्रो, म्हणजे एम-टू हे लहान कार्ड लागते. जुन्या पीएसपीची मोठी प्रो ड्युओ स्टिक त्यात बसत नाही, म्हणून कार्ड काढून नव्या यंत्रात घालण्याचा सोपा मार्ग येथे बंद आहे.

सेव्ह हलवताना फोल्डर संपूर्ण उचलावा. आतील मोठी फाइल तेवढी घेऊन बाकीची चित्रे आणि छोट्या फाइली सोडून दिल्या, तर प्लेयर तो सेव्ह खराब झाल्याचे सांगतो. त्या छोट्या फाइलींपैकी एकीत सेव्हचे नाव, माहिती आणि तो अस्सल असल्याची पडताळणी असते. फोल्डरचे नाव बदलू नये, त्याला 'जुना' किंवा 'प्रत २' असे काही जोडू नये. तशी नावे द्यायचीच असतील तर ती बाहेरच्या फोल्डरला द्यावीत.

डिस्क कोणत्या देशातली, हे न पाहणे

आपल्याकडे ही अडचण इतर ठिकाणांपेक्षा अधिक आढळते, कारण एकाच घरातील डिस्का वेगवेगळ्या बंदरांतून आलेल्या असतात. दुबईहून भावाने आणलेली डिस्क युरोपीय आवृत्तीची असू शकते, आणि अमेरिकेच्या किनाऱ्यावर थांबलेल्या बोटीवरून काकाने आणलेली त्याच गेमची डिस्क अमेरिकी आवृत्तीची. पीएसपीचे गेम कोणत्याही देशाच्या यंत्रात चालतात, त्यामुळे दोन्ही डिस्का निमूटपणे सुरू होतात आणि कोणालाही शंका येत नाही. सेव्हच्या फोल्डरचे नाव मात्र गेमच्या क्रमांकावरून पडते आणि तो क्रमांक आवृत्तीगणिक वेगळा असतो: अमेरिकी डिस्कचा बहुधा 'यूएलयूएस' या अक्षरांनी सुरू होतो, युरोपीय डिस्कचा बहुधा 'यूएलईएस'ने. परिणामी सेव्ह कार्डावर सुरक्षित असतो, यादीतही दिसतो, पण गेम मात्र 'सेव्ह नाही' असे सांगून पहिल्या पायरीपासून सुरुवात करतो.

अशा वेळी फोल्डरचे नाव बदलून पाहण्याचा मोह आवरावा. बहुतेक गेमांचे सेव्ह गुप्त लिपीत लिहिलेले असतात आणि आतील नोंद नावाशी जुळली नाही की ते उघडत नाहीत. ज्या डिस्कवर खेळ सुरू केला, तीच डिस्क किंवा त्याच आवृत्तीची दुसरी डिस्क मिळवणे हा खरा उपाय आहे. म्हणून प्लेयर कोणाला देताना डिस्कही बरोबर द्यावी. ती काढून घेऊन सेव्ह देणे म्हणजे कुलूप देऊन किल्ली घरात ठेवण्यासारखे आहे.

पीएसपीच्या पुढे आलेल्या सोनीच्या पीएस व्हिटा या यंत्राच्या बाबतीत प्रश्न देशाचा नसून खात्याचा आहे. त्याचे मेमरी कार्ड एका खात्याशी जोडलेले असते. ते दुसऱ्या खात्याच्या व्हिटात घातले तर यंत्र फॉरमॅट करण्यास सुचवते, आणि येथेच लोक 'हो' म्हणतात. तसे न करता कार्ड जुन्या यंत्रात परत घालावे आणि सोनीच्या संगणकावरील मदतनीस कार्यक्रमाने आधी प्रत काढावी. ती प्रतही त्याच खात्यासाठी असते, ही मर्यादा देणाऱ्याने आणि घेणाऱ्याने आधीच ध्यानात घ्यावी.

'मिटवा आणि सिंक करा' हे बटण

आयपॉड नव्या संगणकाला जोडला की आयट्यून्स हा ॲपलचा संगणकावरील कार्यक्रम विचारतो: हा आयपॉड दुसऱ्या संग्रहाशी जोडलेला आहे, तो मिटवून या संग्रहाशी सिंक करायचा, म्हणजे जुळवून घ्यायचा का? वाक्यात 'मिटवून' हा शब्द असूनही आपण 'सिंक' एवढेच वाचतो. येथे नेहमी 'रद्द' निवडावे. विकत घेतलेल्या वस्तू संगणकावर हलवण्याचा वेगळा पर्याय आयट्यून्समध्ये आहे. तो वापरण्याआधी त्या संगणकाला खरेदीच्या खात्याची परवानगी द्यावी लागते, आणि अशी परवानगी एका वेळी पाच संगणकांनाच देता येते. जुना संगणक भंगारात देताना ती काढून घेण्याचे बहुतेकांच्या लक्षात राहत नाही.

बोटाने चक्र फिरवून चालवायच्या आयपॉडसाठी २००६ पासून गेम विकले जात होते आणि २०११ मध्ये ते दुकानातून काढून टाकण्यात आले. ते आयपॉड टच या स्पर्शपडद्याच्या आयपॉडवर चालत नाहीत. नाव तेच असले तरी टचवरील गेम हा वेगळा कार्यक्रम आहे आणि त्याला जुन्या गेमचा सेव्ह कळत नाही. हे घरातील मुलांना आधीच सांगितलेले बरे.

आणखी एक गोष्ट: मॅक संगणकावर तयार केलेल्या आयपॉडची रचना विंडोजला वाचता येत नाही. विंडोज तो फॉरमॅट करण्यास सांगतो आणि आयपॉड बिघडला असा समज होतो. तो बिघडलेला नसतो. त्याला एखाद्या मॅकला जोडावे, आतील सर्व काही काढून घ्यावे आणि मगच विंडोजसाठी तयार करावे.

आयपॉड टच: काढून टाकणे आणि बाजूला ठेवणे

टचवर गेमचा सेव्ह गेमच्या आतच राहतो, त्यामुळे गेम काढून टाकला की सेव्हही जातो. जागा कमी पडते म्हणून 'थोड्या वेळासाठी' गेम काढणारे येथे फसतात. आयओएस या टचच्या प्रणालीच्या ११व्या आवृत्तीपासून गेम बाजूला ठेवून त्याची माहिती जपण्याची सोय आहे. सेटिंग्जमधील साठवणुकीच्या पानावर ती मिळते आणि जागा हवी असल्यास तीच वापरावी.

एका टचवरून दुसऱ्यावर जाण्याचा भरवशाचा मार्ग म्हणजे संपूर्ण बॅकअप घेऊन तो नव्या यंत्रावर उतरवणे. यात तीन ठिकाणी ठेच लागते. नव्या आयओएसवर घेतलेला बॅकअप जुन्या आयओएसच्या यंत्रावर उतरत नाही, म्हणून आधी नवे यंत्र अद्ययावत करावे. बॅकअपला सांकेतिक शब्द लावला असेल तर तो लिहून ठेवावा, कारण तो विसरल्यास तो बॅकअप उघडत नाही. आणि आयक्लाउडवर, म्हणजे ॲपलच्या ऑनलाइन साठवणुकीत, फुकट मिळणारी जागा ५ जीबी आहे. ती छायाचित्रांनीच भरलेली असेल तर बॅकअप पूर्ण झालेला नसतो, म्हणून शेवटचा बॅकअप कोणत्या तारखेचा आहे ते डोळ्यांनी पाहावे.

इतके करूनही काही जुने गेम नव्या टचवर उघडत नाहीत. २०१७ मध्ये आलेल्या आयओएस ११ने ३२ बिटचे, म्हणजे जुन्या पद्धतीने बनवलेले, कार्यक्रम चालवणे बंद केले. पाचव्या पिढीचा टच आयओएस ९ वरच थांबलेला आहे, सातवी पिढी त्याच्या कितीतरी पुढे आहे. पाचव्यावर रोज चालणारा, पण निर्मात्याने नंतर सुधारलाच नाही असा गेम सातव्यावर निर्जीव ठरतो. येथे बॅकअपचा काही दोष नाही. असा गेम प्रिय असेल तर जुना टच देऊन टाकू नये, एवढेच सांगता येईल.

कार्ड, घड्याळ आणि आपला पाऊस

६४ जीबीचे कार्ड विकत आणून जुन्या प्लेयरमध्ये घातले आणि ते वाचले गेले नाही, तर दुकानदाराशी भांडण्याआधी कार्डाचा प्रकार पाहावा. ३२ जीबीपेक्षा मोठी एसडी कार्डे एक्सफॅट पद्धतीने तयार केलेली येतात, आणि जुने प्लेयर फक्त फॅट ३२ ओळखतात. शक्यतो प्लेयरच्या स्वतःच्या मेनूतून कार्ड फॉरमॅट करावे. त्यामुळे लागणारे फोल्डरही योग्य नावांनी तयार होतात. बाजारात खोट्या क्षमतेची कार्डेही असतात: वर आकडा मोठा, आत जागा थोडी, आणि खरी जागा भरली की नव्या फाइली वाया जातात. नवे कार्ड सेव्हसाठी वापरण्याआधी ते एकदा काठोकाठ भरून, त्या फाइली परत वाचून पाहाव्यात.

मूळ प्रणालीऐवजी रॉकबॉक्स हा मोफत कार्यक्रम बसवलेल्या प्लेयरवर गेम, गुणसंख्या आणि सेव्ह हे सारे 'डॉट रॉकबॉक्स' या फोल्डरमध्ये असते. नावाची सुरुवात टिंबाने होत असल्याने मॅक आणि लिनक्सवर तो लपलेला राहतो आणि 'सगळे निवडा' म्हटले तरी सुटतो. शिवाय त्यातील गेमच्या फाइली प्रत्येक मॉडेलसाठी वेगळ्या बनवलेल्या असतात; सान्सा या प्लेयरच्या फाइली आयपॉडवर टाकल्या तर मॉडेल जुळत नसल्याचा संदेश येतो. नव्या यंत्रावर त्याचे स्वतःचे रॉकबॉक्स बसवावे आणि जुन्यातून सेव्हच्या फाइली तेवढ्या आणाव्यात. रॉकबॉक्सवर निन्टेन्डोच्या जुन्या गेमबॉय यंत्राचे गेम चालवणाऱ्यांनी गेमच्या आतून केलेला सेव्ह न्यावा, गेम चालवणाऱ्या कार्यक्रमाने क्षणचित्रासारखा घेतलेला नव्हे. पहिला बहुधा ८ किंवा ३२ किलोबाइटचा असतो आणि जवळपास सगळीकडे चालतो, दुसरा त्या कार्यक्रमाच्या त्याच आवृत्तीवर अवलंबून असतो. सेव्हच्या फाइलीचे नाव गेमच्या फाइलीच्या नावाशी अक्षरशः जुळावे.

तारखेवर विश्वास ठेवणे ही चूक फारशी कोणाच्या ध्यानात येत नाही. महिनोन्‌महिने कपाटात पडलेल्या प्लेयरची बॅटरी पूर्ण उतरली की त्याचे घड्याळ कित्येक वर्षे मागे जाते. त्यानंतर केलेला ताजा सेव्ह जुन्या तारखेचा दिसतो, आणि संगणकाने 'नवी फाइल ठेवायची का' असे विचारल्यावर आपण 'हो' म्हणून ताजी फाइलच पुसतो. आधी घड्याळ लावावे, एक नवा सेव्ह करावा आणि मग प्रत काढावी. दोन प्रतींत शंका असेल तर दोन्ही वेगळ्या फोल्डरांत ठेवाव्यात.

आपल्याकडे हे काम शक्यतो जून-जुलैच्या संध्याकाळी काढू नये. गडगडाट सुरू झाला की वीज जाते, आणि कार्डावर लिहिणे चालू असताना संगणक बंद पडला तर एकाच सेव्हचे नव्हे, सगळ्या कार्डाचे नुकसान होऊ शकते. बॅटरी भरलेला लॅपटॉप वापरावा आणि केबल काढण्याआधी यंत्र सुरक्षितपणे वेगळे करावे. समुद्राजवळच्या घरांत खाऱ्या हवेने कार्डाच्या सोनेरी पट्ट्या काळवंडतात. मऊ कापडाला थोडे आयसोप्रोपिल अल्कोहोल लावून त्या पुसल्या की 'कार्ड नाही' म्हणणारा प्लेयर अनेकदा पुन्हा बोलू लागतो. खोडरबराने जोराने घासू नये.

सेव्ह दिसत नसेल तर

घाबरून पुन्हा पुन्हा प्रती टाकू नयेत. प्रथम प्लेयरवर नवा खेळ सुरू करून एक सेव्ह करावा आणि कार्ड संगणकावर उघडून तो कुठे व कोणत्या नावाने तयार झाला ते पाहावे. आणलेला सेव्ह वेगळ्या जागी किंवा वेगळ्या क्रमांकाचा असेल तर कारण तेथेच सापडते. नाव जुळत असेल तर फाइलींची संख्या आणि आकार मूळ प्रतीशी ताडून पाहावा. तेही जुळत असेल तर गेमची आवृत्ती आणि खाते तपासावे. सेव्ह उघडला तरी लगेच निश्चिंत होऊ नये: थोडे खेळून पुन्हा सेव्ह करावा, प्लेयर बंद करून सुरू करावा आणि तो सेव्ह उघडतो का ते पाहावे, कारण वाचता येणारे पण लिहिता न येणारे कार्ड पहिल्या परीक्षेत पास होते.

हे सारे झाल्यावरच जुना प्लेयर पुसावा, आणि पुसण्याआधी त्यातील खाते काढावे. आयपॉड टचवर 'माझे यंत्र शोधा' ही सोय चालू राहिली तर नव्या मालकाकडून जुन्या खात्याचा सांकेतिक शब्द मागितला जातो, आणि तोपर्यंत काका पुन्हा बोटीवर गेलेला असतो.