कलाकारांचं बुकिंग करता? मग या चुका टाळा

मराठवाड्यात कार्यक्रमांना तोटा नाही. १४ जानेवारीचा नामांतर दिन झाला की परभणीचा उरूस, मग पैठणची नाथषष्ठी, एप्रिल-मेमध्ये भीमजयंती आणि लग्नसराई, पुढे गणपती, तुळजापूरचं नवरात्र, मार्गशीर्षात माळेगावची यात्रा. अधेमधे पुढाऱ्यांचे वाढदिवस आणि दुकानांची उद्घाटनं आहेतच. या सगळ्यांना गायक-वादक लागतात आणि आयोजक व कलाकार यांच्या मध्ये उभा राहणारा एक माणूस लागतो. कुणी त्याला मॅनेजर म्हणतं, कुणी एजंट, कुणी नुसतंच 'तारखा बघणारे भाऊ'.

बहुतेक जण ठरवून या कामात येत नाहीत. कीबोर्ड वाजवता वाजवता किंवा साउंडवाल्याबरोबर फिरता फिरता लोकांचे फोन यायला लागतात आणि कामाला सुरुवात होते. शिकवणारं कुणी नसतं. मी इतकी वर्षं जे पाहतो आहे त्यावरून सांगतो, या धंद्यातल्या दहापैकी आठ भानगडींचं मूळ एकच असतं: ओळखीच्या माणसाला विचारायची भीड पडली आणि प्रश्न तसाच राहिला. भीड भिकेची बहीण म्हणतात ते या धंद्याला तंतोतंत लागू आहे.

'घरचाच कार्यक्रम' ऐकून तारीख देऊन टाकणं

फोन साधारण असा येतो: "भाऊ, पैशाचं काय घेऊन बसलाव, घरचाच कार्यक्रम हाय. तुमी फक्त तारीख लिहून ठिवा." आपण लिहून ठेवतो. मग पंधरा दिवसांनी कळतं की फोन करणारा होता अध्यक्षाचा भाचा, कार्यक्रम मंडळाचा आहे आणि पैसे देणार आहेत तिसरेच कुणी साहेब, ज्यांना आपला आकडा कुणी सांगितलेलाच नाही.

म्हणून दर सांगण्याआधी विचारायचं: कार्यक्रम कशाचा आहे? जागा कोणती? किती वाजता? साउंड कुणाचा? आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे पैसे कोण देणार, त्यांच्याशी एकदा बोलू का? या शेवटच्या प्रश्नाने कुणी रागावत नाही. जो रागावतो त्याच्याकडून पैसे येणं तसंही अवघडच असतं.

कशाचा कार्यक्रम हे विचारणंही तितकंच गरजेचं आहे. जयंतीच्या मंचावर भीमगीतं जाणणारा गायकच हवा. दोन गाणी पाठ करून आलेला चालत नाही, समोरच्या लोकांना एकेक कडवं तोंडपाठ असतं. उरुसात कव्वालीला बसणारा श्रोता वेगळा आणि हळदीच्या रात्री नाचायला आलेली पोरं वेगळी. मोकळी तारीख भरायची म्हणून चुकीचा कलाकार पाठवला तर अपमान कलाकाराचा होतो आणि त्याला पाठवणारे आपण असतो.

बोलणं झालं की त्याच दिवशी व्हॉट्सअॅपवर मेसेज टाकायचा. वकिली भाषा लागत नाही. असा पुरतो:

"राम राम दादा. ठरल्याप्रमाणे शनिवार, दि. २४, संध्याकाळी ७ ते १०, स्थळ बाजारतळ. गायक २, वादक ६. मानधन ६५,०००, जाणं-येणं त्यातच. साउंड, लाइट, जनरेटर, जेवण मंडळाकडे. इसार २५,००० आज, बाकी ४०,००० स्टेजवर चढण्याआधी. इसार जमा झाल्यावरच तारीख पक्की. बरोबर असेल तर 'मान्य' एवढं लिहा."

ते 'मान्य' येईपर्यंत तारीख मोकळी आहे असंच समजायचं.

इसार घेतला, पण रद्द झालं तर काय ते ठरवलं नाही

बाकीची रक्कम कार्यक्रम संपल्यावर घेऊ, हा सौजन्याचा अतिरेक आहे. कार्यक्रम संपला की खजिनदाराचा फोन लागत नाही, वादक गाडीत बसून वाट पाहतात आणि रात्री एक वाजता आपण मांडवात उभे. उरलेले पैसे माईक हातात घेण्याआधीच.

रद्द होण्याची कारणं आपल्या भागात ठरलेली आहेत. मार्च-एप्रिलमध्ये अवकाळी पाऊस आणि गारपीट येते, निवडणुकीत आचारसंहिता लागते, आणि कधी दुखवटा जाहीर होतो. ६ फेब्रुवारी २०२२ ला लतादीदी गेल्या तेव्हा दोन दिवसांचा राष्ट्रीय दुखवटा होता. २६ डिसेंबर २०२४ ला मनमोहन सिंग गेल्यावर सात दिवसांचा. ऐन नववर्षाच्या तोंडावर सरकारी कार्यक्रम थांबले. अशा वेळी कुणाचाच दोष नसतो, म्हणूनच आधी लिहिलेलं असलं पाहिजे. मला योग्य वाटतं ते असं: पाऊस किंवा दुखवटा असेल तर त्याच इसारावर एकदा तारीख बदलून द्यावी, आयोजकाने आपल्या मर्जीने शेवटच्या आठवड्यात रद्द केलं तर इसार परत नाही, आणि कलाकार आला नाही तर पूर्ण इसार दोन दिवसांत परत. तिसरं कलम आपल्याला जड जातं, पण ते नसेल तर पहिली दोन मागायला तोंड राहत नाही.

१४ एप्रिलला दोन तारखा

मोह समजतो. वर्षाची कमाई त्या महिन्यात असते. पण नांदेडला दुपारी आणि लातूरला रात्री असं कागदावर जमलं तरी तीन तासांचा रस्ता, वाटेतल्या मिरवणुका आणि साउंड चेक यांचा हिशेब कुणी करत नाही. घसा तर एकच असतो. मुंबई-पुण्याचा गायक बोलावला असेल तर तो आदल्या रात्री मुक्कामाला हवा. सकाळी पोहोचणाऱ्या देवगिरी एक्स्प्रेसच्या भरवशावर संध्याकाळचा कार्यक्रम बांधू नका. समृद्धी महामार्गाने संभाजीनगर-जालना जवळ आलं हे खरं, पण तिथून पुढे परभणी-हिंगोलीचे तास वेगळे धरावे लागतात.

वीज आणि साउंड 'होऊन जाईल' म्हणून सोडणं

शेतीच्या फिडरवर थ्री फेज ठराविक तासच असते, आणि गावातल्या मांडवाला बऱ्याचदा जवळच्या घरातून वायर ओढलेली असते. गाणं रंगात येतं, लाइटवाला स्टेजचे सगळे पार लाइट लावतो, व्होल्टेज बसतं आणि कीबोर्ड बंद पडून पुन्हा सुरू होतो. तो परत उठून आवाज लोड करेपर्यंत ढोलकीवाला एकटा खिंड लढवतो. लोकांना वाटतं, पार्टीच कच्ची आहे.

उपाय साधे आहेत. लाइट आणि साउंड वेगवेगळ्या लाइनवर, शक्य तर साउंड पूर्ण जनरेटरवर. कीबोर्ड आणि मिक्सरसाठी स्वतःचा छोटा यूपीएस गाडीत कायम. अर्थिंगची सळई ओल्या जमिनीत खोल ठोकली आहे का ते स्वतः पाहायचं, कोरडी असेल तर बादलीभर पाणी ओतायला लावायचं, आणि गायकाच्या हातात द्यायच्या आधी माईकला टेस्टर लावून बघायचा. ओठाला शॉक बसलेला गायक त्या रात्री मोकळा गाऊ शकत नाही, आणि शॉक जोरात बसला तर गाण्याच्या पलीकडचं संकट उभं राहतं. यात कसली भीड ठेवायची? साउंडवाल्याला वाईट वाटलं तर वाटू द्या.

स्टेजवर मॉनिटर (कलाकाराकडे तोंड केलेले स्पीकर) किती हवेत, माईक किती, ऑक्टोपॅडला (इलेक्ट्रॉनिक तालवाद्य) लाइन किती, ही अर्ध्या पानाची यादी तारीख पक्की होतानाच साउंडवाल्याच्या नंबरवर जाऊ द्या.

दहा वाजतात, आणि सत्कार चालूच असतात

२००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनुसार रात्री दहा ते सकाळी सहा उघड्यावर लाउडस्पीकर बंद. वर्षात जास्तीत जास्त १५ दिवस बारापर्यंत सवलत देता येते आणि त्या दिवसांची यादी जिल्हा प्रशासन जाहीर करतं. १४ एप्रिल यादीत असला तरी जयंतीचे कार्यक्रम पुढे महिनाभर गावोगाव चालतात, आणि तिथे दहा म्हणजे दहाच. रुग्णालय, शाळा, न्यायालय यांच्यापासून १०० मीटरपर्यंतचा परिसर शांतता क्षेत्र म्हणून जाहीर झालेला असू शकतो, हे जागा ठरवतानाच बघावं. पोलीस ठाण्याची परवानगी आयोजकाने काढायची, पण तिचा फोटो आपल्या मोबाइलमध्ये हवा.

खरी अडचण वेगळीच आहे. सातचा कार्यक्रम पाहुणे आल्यावर आठला, त्यांचे सत्कार आणि मनोगतं होऊन साडेनऊला सुरू होतो. दहाला पोलीस माईक बंद करायला सांगतात. मग अर्धाच कार्यक्रम झाला म्हणून मंडळ पैसे कापायला निघतं. यावर एकच ओळ: "भाषणं-सत्कार लांबले तरी कार्यक्रम दहाला संपेल आणि मानधन पूर्ण राहील." ही ओळ वाचली की बरेच आयोजक आपणहून सत्कारांची यादी कमी करतात.

गायिकेच्या सोयीचं विचारायला संकोच करणं

हा मुद्दा मला सगळ्यात जिव्हाळ्याचा वाटतो. आपल्याकडे लावणी, ऑर्केस्ट्रा, आराधी गीतं, भीमगीतं, सगळीकडे बायका-मुली गातात, नाचतात, आणि कपडे बदलायला त्यांना स्टेजमागे ताडपत्रीचा आडोसा मिळतो. कडी असलेली खोली, स्वच्छतागृह, स्टेजवर येण्याचा वेगळा रस्ता, आणि स्टेजच्या पायऱ्यांवर मंडळाची दोन जबाबदार माणसं, हे मानधनाच्या आकड्याइतकंच पक्कं करून घ्या. बक्षिसाची नोट निवेदकाच्या हातात द्यायची, कुणी स्टेजवर चढायचं नाही, हे सुरुवातीलाच माईकवरून सांगा. चढलाच कुणी, तर वाद्यं थांबवायची. त्याला खाली उतरवल्याशिवाय पुढचं गाणं नाही. मॅनेजर कुणाच्या बाजूने उभा आहे हे कलाकाराला अशाच वेळी कळतं.

रात्री परत सोडताना मुलीला घराच्या दारापर्यंत सोडायचं. चौकात उतरवून गाडी पुढे नेणं बरोबर नाही.

आयोजकाला एक आकडा, कलाकाराला दुसरा

मॅनेजरने मानधनाच्या १० ते २० टक्क्यांच्या दरम्यान कमिशन घेणं ही रूढ गोष्ट आहे, त्यात लाजण्यासारखं काही नाही. पण आयोजकाला ८० हजार सांगून कलाकाराला ५० चीच सुपारी दाखवली तर ते दोघं कधीतरी जेवताना समोरासमोर बसतात आणि आकडा फुटतो. टक्केवारी उघड ठरवा. प्रवास-जेवणाचा खर्च कमिशनच्या आधी वजा करायचा की नंतर, हेही लिहा. आणि वादकांचे पैसे त्याच रात्री. ढोलकीवाल्याला 'पुढच्या कार्यक्रमाला बघू' म्हणणारा मॅनेजर दोन हंगामांत एकटा पडतो.

गाणं कुणाचं, चॅनेल कुणाचं

अभंग जुना, म्हणून सगळंच मोकळं, असा समज आहे. नरसीचे नामदेव, पैठणचे नाथ, गंगाखेडच्या जनाबाई यांच्या शब्दांवर कुणाचा कॉपीराइट नाही. पण अलीकडच्या संगीतकाराने लावलेली चाल त्याची असते. आपल्या कायद्यात गीतकार-संगीतकाराचा हक्क हयातभर आणि मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतो. वामनदादा कर्डक २००४ साली गेले, म्हणजे त्यांच्या गीतांवरचा हक्क २०६४ अखेरपर्यंत आहे. दुसऱ्यांची गाणी तिकिटाच्या कार्यक्रमात गायची असतील तर आयपीआरएसचा, म्हणजे गीतकार-संगीतकारांचे हक्क सांभाळणाऱ्या संस्थेचा परवाना लागतो, रेकॉर्ड वाजवायची असतील तर रेकॉर्डिंगच्या मालकांचाही. लग्नाची वरात आणि लग्नाशी जोडलेले समारंभ, धार्मिक विधी यांना कायद्याच्या ५२व्या कलमात सूट आहे.

याहून मोठं नुकसान यूट्यूबवर होतं. व्हिडिओ काढणाऱ्याने स्वतःच्या ईमेलवर गायकाच्या नावाचं चॅनेल उघडलेलं असतं. गाणं चाललं की त्याचं उत्पन्न, जुने व्हिडिओ, सबस्क्रायबर, सगळं त्याच्याकडे. चॅनेल कलाकाराच्या ईमेलवर आणि कलाकाराच्या बँक खात्याशी जोडलेलं ठेवा. मॅनेजरला फक्त व्यवस्थापकाचा प्रवेश पुरतो. स्वतः लिहिणाऱ्या-चाल लावणाऱ्या कलाकाराला आयपीआरएसचं सभासद करून घ्या. आणि त्याला दहा वर्षांच्या करारात बांधू नका. एक वर्ष, पटलं तर पुढचं.

सगळे पैसे स्वतःच्या खात्यावर

सेवांसाठी जीएसटी नोंदणीची मर्यादा वर्षाला २० लाख आहे. कलाकाराचं पूर्ण मानधन तुमच्या बिलावर, तुमच्या खात्यात येत असेल तर ती सगळी रक्कम तुमची उलाढाल धरली जाऊ शकते, हातात कमिशन तीन लाख राहिलं तरी. म्हणून मानधनाचं बिल कलाकाराचं, कमिशनचं बिल तुमचं. लोककला किंवा शास्त्रीय कलेच्या सादरीकरणाला दीड लाखापर्यंतच्या मानधनावर कलाकाराला जीएसटी माफ आहे. ती सूट तुमच्या कमिशनला नाही. सरकारी महोत्सव असेल तर लेखी कार्यादेश हातात आल्याशिवाय कलाकाराला निघायला सांगू नका, आणि पैसे उशिरा येतील हे धरूनच वादकांची सोय आधी करा.

पैसे अडकलेच असतील तर

आधी रागाचा फोन करू नका. 'मान्य' लिहिलेला मेसेज, इसाराची नोंद आणि कार्यक्रमाचे फोटो एकत्र करून बाकी रकमेची तारखेसह लेखी मागणी पाठवा. चेक वटला नसेल तर बँकेचा मेमो मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस गेली पाहिजे. समोरच्याला १५ दिवस मिळतात, त्यानंतर एका महिन्यात तक्रार दाखल करावी लागते. चेक नसेल तर दिवाणी दाव्याला तीन वर्षांची मुदत आहे. आणि जोपर्यंत जुनी बाकी येत नाही तोपर्यंत त्या मंडळाची नवी तारीख घेऊ नका, अध्यक्ष आपल्या पाहुण्यातला असला तरी.