ऑर्थेट्रम चतुर ओळखताना या चुका टाळा

निळा चतुर दिसला की पुस्तकातल्या निळ्या चित्रावर बोट ठेवायचं, ही सगळ्यात मोठी चूक. ऑर्थेट्रम हा चतुरांचा एक गट. त्याच्या जाती युरोप, आफ्रिका, आशियापासून ऑस्ट्रेलियापर्यंत आहेत, आणि त्यांतल्या बऱ्याच जातींचे नर निळेच.

शिवाय ही निळाई वरवरची असते. नर वयात येतो तशी अंगावर मेणचट भुकटी चढते, तीच निळी दिसते. कोवळा नर मादीसारखाच पिवळट-तपकिरी असतो. त्यामुळे पिवळा दिसला की ‘मादी’ लिहून मोकळं होऊ नका. बाजूने पोटाचा (शेपटीसारख्या लांब भागाचा) दुसरा खंड पाहा. खाली फुगवटा असेल तर नर. भुकटी घासूनही जाते. मिलनात मादी पायांनी नराचं पोट धरते आणि तिथे दोन्ही अंगांना काळपट डाग उरतात. ते जातीची खूण नव्हेत.

मग बघायचं काय? मागच्या पंखाचं मूळ. या गटातल्या लुझोनिकम जातीत ते स्वच्छ, ग्लॉकममध्ये छोटा तपकिरी डाग, ट्रायअँग्युलेरमध्ये मोठा गडद त्रिकोण.

प्रुइनोसम या जातीच्या नराचं पोट गुलाबी-लाल असल्याने तो हमखास ट्रायथेमिस ऑरोरा या दुसऱ्या गटातल्या चतुराच्या नावाने नोंदवला जातो. पंखांच्या शिरा तपासा: ऑरोराच्या नरात त्या लाल असतात, प्रुइनोसमच्या काळपट. प्रुइनोसमची छातीही निळसर-जांभळी असते.

ऑर्थेट्रमचीच सबिना ही जात तर निळी होतच नाही. हिरवट-पिवळ्या अंगावर काळे पट्टे, पोट मुळाशी फुगीर, मध्ये काडीसारखं, शेवटी पुन्हा रुंद. या आकारामुळे लोक त्याला गोम्फिडी या चतुरांच्या वेगळ्याच कुळात टाकतात. डोळे पाहिले की वाद मिटतो: सबिनाचे डोळे माथ्यावर एकमेकांना चिकटलेले, गोम्फिडींचे सुटे.

फोटो एकच आणि तोही समोरून काढलात, तर यातलं काहीच कळणार नाही. एक बाजूने घ्या, एक वरून. वरच्या फोटोत पंखांची मुळं स्पष्ट हवीत. चतुर उडाला तर मागे धावू नका. बऱ्याचदा तो त्याच काडीवर परत येतो, तेव्हा कॅमेरा तिथेच रोखून ठेवा.

तपकिरी चतुर पाण्यावर शेपूट आपटतोय आणि वर निळा घिरट्या घालतोय, असं दिसलं तर ते भांडण समजू नका. मादी अंडी घालतेय, नर पहाऱ्यावर आहे. दोघांचे फोटो एकाच नोंदीत ठेवा; एरवी ओळखायला अवघड असलेल्या मादीची जात नरावरून ठरवता येते.