अंगणात सर्पिल काढताना: दोरीचं, गुण्याचं आणि १४४ फुलांचं

सर्पिल काढायला घेण्याआधी एक गोष्ट ठरवावी लागते. बाहेर जाताना दोन वेढ्यांमधलं अंतर तेवढंच ठेवायचं आहे, पटीत वाढवायचं आहे, की कमी करत न्यायचं आहे? चकलीत आणि मच्छर अगरबत्तीत ते तेवढंच राहतं. शंख-शिंपल्यात पटीत वाढतं. सूर्यफुलाच्या बिया ज्या नियमाने बसतात त्यात ते कमी होत जातं. या तिघांची कृती वेगवेगळी आहे, आणि एकाच्या कृतीने दुसरं कधीच येत नाही.

याकोब बर्नुली या स्विस गणितज्ञाला पटीत वाढणारं सर्पिल फार प्रिय होतं. आपल्या थडग्यावर तेच कोरावं अशी त्याची इच्छा होती. १७०५ मध्ये तो गेला, आणि बाझलमधल्या त्याच्या स्मृतिशिलेवर पाथरवटाने सारख्या अंतराचं सर्पिल कोरलं. ते आजही तसंच आहे.

आपल्याकडे गोंधळ होतो तो वर्तुळांशी. खिद्रापूरच्या कोपेश्वर मंदिरात स्वर्गमंडपाची रंगशिळा (मधली दगडी फरशी) गोल आहे, वरचा झरोकाही गोल आहे. त्यात सर्पिल नाही. द्वारशाखांवर, म्हणजे दाराच्या चौकटीवर, कोरलेल्या वेलींच्या टोकांना मात्र ते सापडतं. ओळखायचं असेल तर रेषेवर बोट ठेवून ती धरून चालत राहा. बोट निघालं तिथेच परत आलं तर वर्तुळ, आत किंवा बाहेर सरकलं तर सर्पिल.

दोरीचं सर्पिल

सर्वात सोपं हेच. शेतीच्या दुकानात ३२ मि.मी. बाहेरच्या व्यासाचा पीव्हीसी पाइप मिळतो, त्याचा हातभर तुकडा घ्या. दोरी गवंडी वापरतात ती, साधारण दीड मि.मी. जाडीची. सुतळी नको, ती ताणते आणि पीळ सुटला की लांब होते. दोरीचं एक टोक पाइपला चिकटपट्टीने पक्कं करा, दोरी गुंडाळा आणि मोकळ्या टोकाला खडू बांधा. आता दोरी ताठ ठेवून उलगडत पाइपभोवती फिरा.

वेढ्यांमधलं अंतर पाइपच्या घेराएवढं येतं. इथे दोरीची जाडीही व्यासात धरायची: ३२ आणि दीड मिळून ३३.५, गुणिले ३.१४, म्हणजे सुमारे १०५ मि.मी. सहा वेढ्यांना ६३ सें.मी. दोरी लागते, बांधायला १५ सें.मी. जास्त घ्या. आकृती सव्वा मीटरपेक्षा थोडी कमी भरते. अंतर साधारण अर्धं हवं असेल तर १६ मि.मी.चा दांडा घ्या.

बिघडतं ते तीन ठिकाणी. दोरी स्वतःवरच गुंडाळली गेली की आतला व्यास फुगतो आणि अंतर एकसारखं राहत नाही; म्हणून वेढे एकावर एक न चढवता पाइपवर वरच्या दिशेला शेजारी-शेजारी घ्यायचे. दुसरं, पाइप हातात फिरतो. मातीच्या अंगणात तो ठोकून बसवता येतो, शहाबादी फरशीवर एकाने दोन्ही हातांनी दाबून धरायला हवा. तिसरं, खडू तिरका धरला तर रेघ अर्धा सें.मी. इकडेतिकडे जाते. खडू उभा धरा.

काटेकोर बोलायचं तर ही रेषा आर्किमिडीजच्या सर्पिलापेक्षा किंचित वेगळी आहे, पण पहिला वेढा सोडला तर डोळ्यांना फरक कळत नाही. कुंभाराच्या फिरत्या चाकावर बोट मध्यापासून बाहेर एकाच वेगाने नेलं तर जी रेघ उमटते, ती खरी आर्किमिडीजची.

गुण्याचं सर्पिल

शंखासारखी आकृती हवी असेल तर दोरी बाजूला ठेवा. एका बिंदूतून २० अंशांच्या अंतराने १८ किरण काढा. पहिल्या किरणावर मध्यापासून ५ सें.मी.वर खूण करा. त्या खुणेवर गुण्या लावून किरणाला काटकोनात रेघ ओढा. ती पुढच्या किरणाला जिथे भेटेल तिथे दुसरी खूण. तिथून पुन्हा काटकोन, पुन्हा पुढचा किरण. प्रत्येक पायरीला अंतर १.०६४ पट होतं आणि एका फेऱ्यात जवळजवळ तिप्पट: ५ चे १५, १५ चे ४६. खुणा हलक्या हाताने वक्र रेषेने जोडल्या की शंख तयार.

किरण १२ घेतले तर एका फेऱ्यात ५.६ पट वाढ होते, २४ घेतले तर २.३ पट. म्हणजे आकृती किती वेगाने फुलवायची ते फक्त किरणांच्या संख्येवर ठरतं, गणकयंत्र लागत नाही. एका फेऱ्यात नेमकी दुप्पट हवी असेल तर मात्र गुण्या सोडून १२ किरणांवर दर वेळी आधीचं अंतर १.०५९५ ने गुणा. (पेटीच्या एका पट्टीपासून पुढच्या पट्टीची कंपनसंख्या याच गुणोत्तराने वाढते; बारा पट्ट्यांत षड्जाचा तार षड्ज होतो.)

तपासणी कोनमापकाने करा. तिप्पट वाढीच्या सर्पिलात वक्र रेषा प्रत्येक किरणाला ८० अंशांतच छेदते, मध्याजवळही आणि कडेलाही. एखाद्या ठिकाणी कोन ७० किंवा ९० आला तर तिथली खूण चुकली आहे, आणि चूक पुढे गुणत जाते. त्यामुळे दर चार-पाच खुणांनी तपासलेलं बरं.

नॉटिलस या समुद्री जीवाचा शिंपला म्हणजे सुवर्ण गुणोत्तराचं (सुमारे १.६१८) सर्पिल, हे विधान सगळीकडे फिरतं. ते चूक आहे. सुवर्ण सर्पिल एका फेऱ्यात ६.८५ पट वाढतं, नॉटिलस साधारण तिप्पट. वर काढलेलं १८ किरणांचं सर्पिल नॉटिलसच्या जास्त जवळ आहे.

अननसावर मोजणी

तिसऱ्या प्रकाराकडे जाण्याआधी कोल्हापूरच्या कपिलतीर्थ मंडईतून एक अननस आणा. त्याचे डोळे तिरक्या ओळींत असतात. फळवाला सुरीने तिरके चर पाडत डोळे काढतो तो याच ओळी धरून. फळाच्या मध्यावरच्या एका डोळ्यात टाचणी टोचा. एका दिशेला चढणारी ओळ धरा, मग तिला समांतर शेजारची, असं करत टाचणीपर्यंत परत या. बहुतेक अननसांत ८ येतात. उलट्या दिशेच्या ओळी मोजल्या तर १३, आणि सर्वात उभ्या ओळी २१. मोजणी मध्यावरच करा, देठाजवळ आणि बुडाशी डोळे दबलेले असतात आणि ओळ हातातून सुटते.

८, १३, २१, ३४, ५५, ८९, १४४: मागच्या दोहोंची बेरीज म्हणजे पुढचा आकडा. लघु-गुरूंच्या किती मांडण्या होतात हे मोजताना हेमचंद्राने ११५० च्या सुमारास हीच मालिका दिली. युरोपात फिबोनाचीने ती १२०२ मध्ये मांडली. झाडाला आकडे येत नाहीत. शेंड्यावर नवा कोंब आधीच्या कोंबांपासून जिथे जास्तीत जास्त मोकळी जागा असेल तिथे फुटतो, आणि दोन कोंबांमधला कोन १३७.५ अंशांच्या आसपास स्थिरावतो. १९९२ मध्ये फ्रान्समध्ये दूआदी आणि कुडे यांनी एकमेकांना दूर ढकलणारे चुंबकीय द्रवाचे थेंब घेऊन प्रयोगशाळेत हीच रचना मिळवली.

१४४ फुलांचं सूर्यफूल

दसरा-दिवाळीला पाऊस ओसरला की अंगणात करण्यासारखी ही सर्वात देखणी आकृती. नियम दोनच. प्रत्येक फूल आधीच्यापासून १३७.५ अंश फिरवून ठेवायचं, आणि मध्यापासूनचं अंतर फुलाच्या क्रमांकाच्या वर्गमुळाच्या पटीत घ्यायचं. वर्गमूळ कशासाठी, तर प्रत्येक फुलाला सारखंच क्षेत्रफळ मिळावं म्हणून. नुसत्या क्रमांकाने अंतर वाढवलं तर मध्यात गर्दी होते आणि कडा विरळ पडते.

पुठ्ठ्याचा १३७.५ अंशांचा कोन कापून तो पुन्हापुन्हा लावत जाणं हा सर्वांना आधी सुचणारा मार्ग, आणि त्यानेच आकृती फसते. कापताना अर्ध्या अंशाची चूक राहिली तर १४४ व्या फुलापर्यंत ती ७२ अंशांची होते. त्याऐवजी हे पाहा: १३७.५ गुणिले १४४ म्हणजे बरोबर ५५ पूर्ण फेरे. म्हणून वर्तुळाचे १४४ सारखे भाग करायचे आणि दर वेळी ५५ भाग पुढे जायचं. चूक साचत नाही.

वर्तुळाची त्रिज्या ५५ सें.मी. घ्या. घेर ३४५.६ सें.मी. येतो आणि एक भाग नेमका २.४ सें.मी. त्रिज्येएवढीच दोरी ताठ धरून परिघावर सहा वेळा लावली की सहा भाग होतात. प्रत्येक भाग निम्मा केला की बारा. या बारापैकी प्रत्येक भागात कापडी टेपने २.४ सें.मी.च्या खुणा करा. सगळा परीघ एकाच दमात टेपने मोजू नका, शेवटची खूण पहिलीला जुळत नाही. खुणांना घड्याळाच्या दिशेने ० ते १४३ आकडे घाला. गेरूने सारवलेल्या जागी गेरू पूर्ण सुकल्यावरच खडू उमटतो. शहाबादी फरशीचे सांधे नजर फसवतात, तेव्हा मध्यबिंदूला खिळ्याची खूण किंवा जड वजन ठेवा.

आता अंतरांची पट्टी. जाड कागदाच्या ५० सें.मी. पट्टीवर पहिले नऊ आकडे मोजून घ्या: ४, ५.७, ६.९, ८, ८.९, ९.८, १०.६, ११.३, १२ सें.मी. त्यापुढे १६ वं फूल १६ सें.मी.वर, २५ वं २० वर, ३६ वं २४ वर, असं दर पूर्ण वर्गाला ४ सें.मी. वाढत १४४ वं ४८ वर. मधली जागा सारख्या भागांत वाटून घेतली तरी चूक दीड मि.मी.पेक्षा जास्त होत नाही.

मध्यापासून परिघावरच्या खुणेपर्यंत दोरी ताणायची, तिच्याखाली पट्टी धरायची आणि खडूने ठिपका द्यायचा. दोघं असावीत: एक परिघाशी आकडा सांगणार, एक आत ठिपका देणार. क्रम असा: ५५, ११०, २१, ७६, १३१, ४२, ९७, ८, ६३, ११८, २९, ८४, १३९. प्रत्येक वेळी ५५ मिळवा, बेरीज १४४ किंवा त्याहून जास्त झाली तर १४४ वजा करा. मोजणी घसरली का हे मधूनमधून पडताळा: २१ वा ठिपका ३ नंबरच्या खुणेवर पडायला हवा, ३४ वा १४२ वर, ५५ वा १ वर, ८९ वा १४३ वर, शेवटचा शून्यावर. एका किरणावर एकच ठिपका येतो. दोन आले तर कुठेतरी एक पायरी चुकली. सगळे ठिपके झाल्याशिवाय फुलं ठेवायला घेऊ नका.

ठिपक्यांमध्ये सहा सें.मी.पेक्षा थोडं जास्त अंतर राहतं, त्यामुळे ५ सें.मी.पर्यंतचा झेंडू सुटसुटीत बसतो. देवळाभोवतीच्या फुलवाल्यांकडून घेताना आकार सारखे निवडून घ्या; मोठी फुलं एकमेकांना ढकलतात आणि ओळी मोडतात. फुलांऐवजी रांगोळीचे ठिपके देणार असाल तर बाहेरून आत या, नाहीतर हाताने आधीचे पुसले जातात.

रंगांची निवड क्रमांकावरून करा. पिवळा झेंडू, केशरी झेंडू, पांढरी शेवंती असे तीन रंग आलटून पालटून घेतले (पहिलं पिवळं, दुसरं केशरी, तिसरं पांढरं, चौथं पुन्हा पिवळं), तर प्रत्येकी ४८ फुलं लागतात आणि कडेला एकूण २१ एकरंगी वळसे उठून दिसतात, कारण २१ ला ३ ने भाग जातो. दोनच रंग घेतले तर ३४ वळसे दिसतात, आणि ते उलट्या दिशेने वळतात. फुलं तीच, जागा त्याच, फक्त रंगांचा क्रम बदलला की डोळा दुसऱ्या ओळी धरतो.

शाळेतल्या मुलांना दाखवायचं असेल तर शेजारी छोट्या वर्तुळावर ५५ ऐवजी ५४ ची उडी घेऊन पाहा. सगळे ठिपके आठच सरळ ओळींत येतात आणि मधे मोठमोठ्या रिकाम्या फटी राहतात. ५६ ची उडी घेतली तर १८ सरळ ओळी.