स्मिता पाटील बघायला सुरुवात कुठून करायची
यूट्यूबवर तुकडे बघत बसू नका, अख्खे सिनेमे बघा, फोन बाजूला ठेवून. आधी १९७७ चा 'जैत रे जैत' लावा, दूरदर्शनवर मराठी बातम्या वाचणारी पोरगी त्यात ठाकर आदिवासींतली चिंधी नावाची पोर होऊन डोंगरात अशी काही वावरते ना, खरंच वाटत नाही ही तीच. मग 'भूमिका', जुन्या काळच्या अभिनेत्री हंसा वाडकरांच्या आत्मचरित्रावरचा, नॅशनल अवॉर्ड मिळालं तेव्हा जेमतेम २२-२३ ची होती ती! 'उंबरठा' मात्र घाईत अजिबात नको, रात्री निवांत बसून बघा आणि घर सोडून निघालेल्या सुलभाचा चेहरा नीट बघा, तिथे डायलॉग लागतच नाही. 'मिर्च मसाला' शेवटी ठेवा. तो १९८७ मध्ये थेटरात आला, ती १३ डिसेंबर १९८६ लाच गेली, फक्त ३१ वर्षांची.