आधी मोडी, मग बाकीचं

इतिहासाच्या एम.ए.चा निकाल लागला की विद्यार्थी पेढे घेऊन घरी येतात आणि विचारतात, "मॅडम, नेट आधी करू की पीएच.डी.?" माझं उत्तर ठरलेलं आहे. आधी मोडी शिका, म्हणजे जुने मराठी कागद ज्या लिपीत आहेत ती.

प्राध्यापकीच्या पात्रतेचं पटकन सांगते. एम.ए.ला किमान ५५ टक्के आणि नेट ही देशपातळीवरची किंवा सेट ही राज्यपातळीवरची पात्रता परीक्षा. नेटला ५० आणि १०० प्रश्नांचे दोन पेपर असतात. चुकीच्या उत्तराला गुण कापत नाहीत, तेव्हा एकही प्रश्न कोरा ठेवू नका. महाराष्ट्र-गोव्यासाठीची सेट पुणे विद्यापीठ घेतं. बाकी सगळं माहितीपत्रकात मिळेल.

माहितीपत्रकात मिळत नाही ते तासिका तत्त्वाचं, म्हणजे घेतलेल्या तासांपुरतं मानधन मिळणाऱ्या, सीएचबी म्हणतात त्या नेमणुकीचं. मी सात वर्षं सीएचबीवर काढली. सकाळी साताऱ्यात तास, दुपारच्या एसटीने कराड. एका कॉलेजचं मार्चचं मानधन दिवाळीला हातात पडलं. घरभाडं, एसटीचा पास, झेरॉक्स, सगळं भावाकडून उसनं. पोरांनो, हे घरच्यांना आधीच सांगून ठेवा, त्यांनाही तयारी करू द्या. आणि दरवर्षीचं नेमणूक पत्र व विद्यापीठाच्या मान्यतेची प्रत जपून ठेवा. पुढे अनुभव मोजताना तोंडी शब्दाला किंमत नसते.

त्या वर्षांत मला टिकवलं ते कागदांनी. कोरेगाव तालुक्यात एका जुन्या घरातल्या आजींनी माळ्यावरून खारव्याचा रुमाल, म्हणजे जाड लाल कापडात बांधलेले कागद, काढून दिला. आत गावावर घातलेल्या वैरणीच्या मागणीचं पत्र. मोडीत रेघ आधी ओढायची आणि अक्षरं तिच्याखाली सलग लिहीत जायचं, शब्द तोडायचे नाहीत. त्यामुळे एक ओळ लावायला मला अर्धा तास लागला. खाली तारीख होती, 'छ १० सफर, सन खमस सबैन मया व अलफ'. छ म्हणजे चंद्र, सफर हा हिजरी महिना. खमस पाच, सबैन सत्तर, मया शंभर, अलफ हजार, म्हणजे सुहूर सन ११७५, मराठी कागदांतली जुनी कालगणना. इसवी सन काढायला मी ५९९ मिळवले, १७७४ लिहिलं आणि त्यावर प्रकरणाची दहा पानं रचली.

मार्गदर्शकांनी 'सफर'खाली पेन्सिलीने रेघ मारली. सुहूर सन मृगाला, म्हणजे जूनच्या सुरुवातीला, सुरू होतो. त्या वर्षी सफर एप्रिलात आला होता, म्हणजे वर्षाच्या शेवटी. तिथे ६०० मिळवायचे. पत्र एप्रिल १७७५चं निघालं. मधल्या काळात, मार्चमध्ये, राघोबादादांनी सुरतेला इंग्रजांशी तह केलेला. त्या वैरणीमागे कुठलं युद्ध होतं, हेच बदललं. दहाही पानं मी पुन्हा लिहिली. तेव्हापासून जंत्री, म्हणजे जुन्या तारखा इसवी सनाशी जुळवून देणारं पुस्तक, उघडल्याशिवाय तारीख लिहीत नाही.

कायम झाल्यावर सुरुवातीचं मूळ वेतन ५७,७००, आठवड्याला सोळा तास शिकवणं, वर नॅकच्या, म्हणजे कॉलेजच्या मूल्यांकनाच्या, फायली. संशोधनाला वेळ कोणी देत नाही, रविवार राखून ठेवावा लागतो. पुण्याचं पुराभिलेखागार किंवा भारत इतिहास संशोधक मंडळ सवय असेल तरच गाठलं जातं.

आता मी सांगलीत शिकवते. वर्गात वाळव्याची, तासगावची, कुंडलची मुलं असतात. पत्री सरकार, म्हणजे इंग्रजांविरुद्ध उभं राहिलेलं इथलं प्रतिसरकार, म्हटलं की प्रत्येकाच्या घरात एक आठवण निघते. पण कागद शोधायला 'सांगली' नावाने गेलात तर हात हलवत परत याल. १९४३ला हा जिल्हाच नव्हता. वाळवा, तासगाव साताऱ्यात होते आणि कुंडल औंध संस्थानात. १९४९ला दक्षिण सातारा झाला आणि सांगली हे नाव १९६०ला आलं. हे फळ्यावर लिहिलं की मुलं आपल्या गावाचं नाव कुठल्या दप्तरात सापडेल ते स्वतः काढू लागतात. गेल्या वर्षी एकीने आजोबांचं बोलणं मोबाइलवर दोन तास रेकॉर्ड करून आणलं. मी तिला आधी तारीख, गाव आणि सांगणाऱ्याचं वय वहीत लिहायला लावलं, मगच ऐकायला बसलो.